झालं म्हटल्यावर

चित्रकला संपली, असा निर्णय एकोणसत्तर सालच्या थंडीत जळगावात झाला आणि तो जगाला कळवण्यासाठी पितांबर स्वयंपाकघरात गेला. माणसाला एका जागी बसवायचं, रंगवायचं, चौकटीत कोंडायचं आणि खिळ्याला टांगायचं, हा प्रकार मानवजातीने पुष्कळ वर्षं सहन केला; यापुढचा काळ हलत्या चित्रांचा आहे; सबब आपण कुंचला खाली ठेवत आहोत आणि यापुढे माहितीपट काढणार आहोत, असं त्याने जाहीर केलं. त्याची बायको ताईबाई तेव्हा भरताची वांगी भाजत होती. तिने एक वांगं शेपटाला धरून उलटं केलं, डोळ्यांतला धूर पदराने पुसला आणि म्हणाली, संपू द्या, पण संपायच्या आधी पारोळ्याच्या वकिलांचे कान तेवढे लावून द्या, त्यांचा माणूस परत येऊन गेला. पितांबर बाहेरच्या खोलीत आला. वकील बिनकानांचे त्याच्याकडे बघत होते. खटला हरलेल्या अशिलाकडे बघावं तसं. संध्याकाळपर्यंत त्याने दोन्ही कान लावून दिले. त्यातला डावा तर इतका सुरेख उतरला, की चित्रकला आणखी आठवडाभर चालू ठेवावी की काय, असंही त्याला क्षणभर वाटून गेलं.

निर्णयाला कारण झालं होतं ते सज्जनबाईंचं एक वाक्य. पितांबर गेलेल्या माणसांची तैलचित्रं काढायचा. जळगावात कोणी व्यापारी, वकील, मोठा बागाईतदार वारला, की तेराव्यानंतर त्याचा एखादा टिचभर फोटो घेऊन मुलगा नाहीतर पुतण्या पितांबरकडे येई. टिचभर फोटोत माणूस छातीपर्यंतच असे. छातीच्या खालचा सगळा देह पितांबर स्वतःच्या कल्पनेने देई आणि तो हात राखून देत नसे. हाडकुळ्यांना तो भरदार करी, अंगाला शाल घाली, आणि सगळ्यांना एकाच खुर्चीत बसवी. ती खुर्ची त्याच्या खोलीत होती, हातांना सिंहाची तोंडं असलेली. सावद्याच्या एका लिलावात मिळालेली. जळगावातले निम्मे दिवंगत त्या एका खुर्चीत बसलेले आहेत, ही गोष्ट अजून कोणाच्या लक्षात आली नव्हती, कारण एका घरातला दिवंगत सहसा दुसऱ्या घरात जात नाही. केळीच्या व्यापारातल्या दलिचंद शेठचं चित्र त्याने असंच खुर्चीत बसवून पोचतं केलं. त्यांच्या पत्नी सज्जनबाई, तोंडावर पदर ओढलेला, चित्रासमोर बराच वेळ उभ्या राहिल्या. मुलगा अभयकुमार बाजूला. मुनीम बाजूला. मग पदराच्या आतून आवाज आला, "बाकी सगळं बरोबर आहे, पितांबरभाऊ. पण हे इतके गप्प कधी बसले नव्हते."

तक्रार नव्हती ती. तक्रारी पितांबरला पाठ होत्या: मिशी जरा भरा, डोक्यावर केस द्या, एवढे रागीट नव्हते हो आमचे आबा. त्यांना उपाय होते. ह्याला नव्हता. कारण त्या बोलल्याबरोबर त्याला दलिचंद शेठ दिसले. गादीवर मांडी घालून बसलेले आणि उजवा गुडघा सतत हलतोय. गिऱ्हाइकाशी बोलताना, जेवणाचा डबा उघडताना, कोणाच्या मरणाची बातमी ऐकतानाही. त्या गुडघ्याने गादी हले, गादीवरचा पाण्याचा तांब्या हले, तांब्यातलं पाणी गोल गोल थरथरे. दुकानात बसणाऱ्या प्रत्येकाला ते बारीक हादरे खालून जाणवत, आणि त्यांची इतकी सवय झालेली होती की गुडघा थांबला तर मुनीम मान वर करून बघे, काय झालं म्हणून. शेठ म्हणजे तो गुडघा होता. आणि पितांबरने शाल दिली, साखळीचं घड्याळ दिलं, सिंह दिले, गुडघ्यावर जरीचं धोतर पसरून त्याला कायमचा झोपवला. घरी परतताना तो मुद्दाम मेहरूणच्या तळ्याकडून गेला. काठावर बोरं विकणाऱ्या बायका बसल्या होत्या. एकजण बोरांवर पाणी शिंपडत होती आणि शिंपडून झालं तरी तिची बोटं हवेत तशीच उघडमीट करत होती. त्याला आपला बाप आठवला. बाप शिंपी. दोरा दातांनी तोडताना तो मान डावीकडे अशी झटक्यात वाकवायचा, की लहानपणी पितांबरला वाटायचं, बाप खांद्यावरच्या कोणाला तरी चावतो आहे. बापाचंही चित्र त्याने काढलं होतं. खुर्चीत बसलेला, हातात पुस्तक. बापाला वाचता येत नव्हतं. तळ्याकाठी उभं राहून पितांबरने स्वतःची मान डावीकडे झटक्यात वाकवून पाहिली. बोरंवाली म्हणाली, भाऊ, मान धरली का, त्याच्यावर एरंडाचं पान बांधा.

हे सगळं आता त्याला एस.टी.त आठवत होतं, धुळ्याला जाताना, पाळधी मागे पडल्यावर. मांडीवर पत्र्याचा गोल डबा होता आणि डब्यात त्याचा पहिला माहितीपट. चैत्र लागलेला, खिडकीतून गरम वारा, वाऱ्याबरोबर कुठल्यातरी गुऱ्हाळाचा गोड करपट वास. कंडक्टरने डब्याकडे बोट करून विचारलं, काय आहे. पितांबरने खरं ते सांगितलं: केळी. कंडक्टरने डबा उचलून पाहिला, हलका लागला, कानाशी धरून हलवला आणि समजूतदारपणे म्हणाला, "वेफर." पितांबरने मान डोलावली. एका परीने ते खरंच होतं. सावद्याकडची केळीची बाग, पातळ काप काढून वाळवलेली. फक्त नेमके कोणते काप डब्यात आहेत आणि कोणते घरी पापडाच्या डब्यात राहिले, हे अजून कोणालाही माहीत नव्हतं. अभयकुमारला नव्हतं, ज्याचा कॅमेरा होता. झुलाल आबांना नव्हतं, ज्यांची बाग होती. ते दोघे धुळ्याला मोटारीने पुढे गेले होते, हे आठवून पितांबरने डब्याचं झाकण दाबून पाहिलं, आणि एरंडोल येईपर्यंत त्याचा हात झाकणावरून निघाला नाही.

कॅमेरा अभयकुमारने मुंबईहून आणला होता, कोणाकडून तरी वापरलेला. लहानसा, जड, किल्ली द्यायचा. घड्याळाला द्यावी तशी किल्ली दिली की आत स्प्रिंग ताणली जाई आणि खटका पुढे सरकवला की किल्ली संपेपर्यंत तो घरघरत फिल्म ओढी. अभयकुमारने त्यात आपली बायको कुसुमलता नळावर पाणी भरताना टिपायचा प्रयत्न केला होता. धुऊन आली तेव्हा त्यात फक्त नळ होता. मग त्याला पितांबरची आठवण झाली. वडिलांच्या चित्रात काही कमी राहिलं ह्याची पितांबरला चुटपुट आहे, आणि आपल्याला केळीच्या व्यापाराचं नाव व्हायला हवं आहे, तेव्हा दोन्ही गोष्टी एका यंत्रात बसतील असा त्याचा हिशेब. सावद्याचे झुलाल आबा बागाईतदारांच्या संघाचे अध्यक्ष. धुळ्याला शेतीचं प्रदर्शन भरणार होतं, तिथे सिनेमा दाखवायचा. आबांना आवडला तर संघ पुढचा काढणार, कापसावर, आणि त्याच्या पुढचा भुईमुगावर. नाही आवडला तर पितांबरची खुर्ची होतीच. सिंह कुठे जात नव्हते.

सावद्याच्या त्या चार-पाच दिवसांइतका सुखी पितांबर आयुष्यात कधी नव्हता. बागेत शिरलं की बाहेरचं ऊन एकदम हिरवं व्हायचं. पायाखाली ओला गारवा, वर पानं एकमेकांवर घासत, जुन्या छत्र्या उघडाव्यात तसा आवाज. बघावं तिकडे चित्र. घड खांद्यावर घेऊन निघालेले गडी, बैलगाडीत पानं अंथरून रचलेले घड, स्टेशनावर उघड्या वॅगनीच्या दारात हारीने उभे हमाल. पितांबर चित्र जुळवी. तुम्ही इकडे या, घड जरा वर, भागाबाई पाटी कमरेवर. मग कॅमेऱ्याचा खटका पुढे सरकवी आणि आवाज देई, "हलू नका." वीस वर्षं न हलणारीच माणसं काढायची सवय. ह्या वाक्याला सबंध खानदेशात एकच उत्तर आहे. लग्नात, शाळेत, शर्यतीतल्या बैलाबरोबर, सगळ्यांनी आयुष्यात एकेक फोटो काढलेला. हलू नका म्हटलं की माणूस श्वास धरतो. गडी श्वास धरत. हमाल श्वास धरत. अभयकुमार केळी तोलायच्या काट्याजवळ गादीवर बसून, वडिलांसारखा, श्वास धरे. कॅमेरा घरघरे. पुरेसं वाटलं की पितांबर म्हणे, "झालं." आणि मग तो करी ते, जे कुठलाही चित्रकार करतो आणि जे त्याला स्वतःला कधी कळलेलं नव्हतं: दोन पावलं मागे सरकून, हाताची घडी घालून, मान तिरपी करून, आपण काढलेल्या चित्राकडे समाधानाने बघत उभा राही. कॅमेरा तिवईवर, खटका पुढेच. स्प्रिंग संपून यंत्राने खाकरल्यासारखा आवाज केला, की मग त्याला आठवे.

धुऊन आलेली फिल्म त्याने प्रथम भाड्याचा प्रोजेक्टर आणून घरी भिंतीवर पाहिली, वकिलांची जागा रिकामी झाली होती तिथे. ताईबाई धान्य निवडत शेजारी बसली. बाग आली. पानं हलत होती, बैल कान हलवत होता, आणि माणसं उभी होती. घड खांद्यावर घेऊन, छाती फुगवून, डोळे न मिटता. गाडीजवळ उभी, विहिरीजवळ उभी, वॅगनीच्या दारात उभी. ताईबाईने विचारलं, ह्यांना काय झालं होतं? पितांबरला काय ते कळलं. पळून पळून तो त्याच खोलीत परत आला होता. फक्त ह्या वेळी सबंध सावदा त्या खुर्चीत बसवला होता. आणि तेवढ्यात भिंतीवरच्या माणसांनी श्वास सोडला. सगळ्यांनी एकदम. एकाने घड आपटला आणि खांदा चोळला. एकाने दुसऱ्याच्या टोपीवर टपली मारली. भागाबाई कॅमेऱ्याकडे बघून कोणाला तरी काहीतरी बोलली, आणि ते सभ्य नसणार, हे तिच्या भुवयांवरून कळत होतं. मग चित्र तुटलं, पुढचं आलं. पुन्हा पुतळे, पुन्हा श्वास. अभयकुमार गादीवर दगडासारखा. दगडासारखा. मग खांदे उतरले, आणि उजवा गुडघा हलू लागला, त्याच्या नकळत, काट्यावरची दोरी थरथरली. ताईबाईचा हात सुपात थांबला. तिने फक्त एवढंच म्हटलं, अगं बाई, शेठ.

नंतरचा महिना पितांबरने कात्री घेऊन बसून काढला. प्रत्येक तुकड्यातलं "झालं"च्या आधीचं कापायचं आणि नंतरचं ठेवायचं. किती सोपं, आणि किती जिवावर येणारं. आधीचं सगळं त्याने जुळवलेलं होतं, त्याच्या हाताचं, उजेड-सावली, तोल, कलेच्या परीक्षेला बसवावं असं. नंतरचं कोणीच काढलेलं नव्हतं. ते आपोआप सांडलेलं होतं. पापडाच्या डब्यात एकेक सुंदर चित्र टाकताना त्याला वाटे, हा आपला हात, ही आपली बोटं. आणि तरी टाकून झालं की त्याला विलक्षण हलकं वाटे, पोहून बाहेर आल्यासारखं. फक्त एका तुकड्याशी त्याची कात्री बरेच दिवस अडली. झुलाल आबा आणि त्यांच्या पत्नी तानुबाई. आबांनी सिनेमासाठी लोकरीचा कोट घातला होता, लग्नातला, आणि त्या कोटाच्या खांद्यावर ताजा तोडलेला घड घेतला होता. तानुबाई दोन पावलं मागे, हातात विळा. हलू नका म्हटल्यावर दोघं अशी उभी राहिली की नाण्यावर छापावीत. पण ताज्या घडाच्या दांड्याला चीक असतो आणि केळीच्या चिकाचा डाग कपडा फाटला तरी जात नाही. झालं म्हटल्यावर तानुबाईंना दिसलं, की आबांच्या पाठीवरून चीक ओघळतो आहे. आबा समोर बघत तसेच उभे; त्यांना झालं ऐकू आलं नव्हतं, किंवा अध्यक्ष असल्यामुळे त्यांनी ते इतरांसाठी आहे असं धरलं होतं. आणि मागे तानुबाई हसल्या. आधी ओठांत. मग दात दिसले, मग हिरड्या, मग विळ्याचा हात गुडघ्यावर टेकून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत, पोरीसारख्या. मग आबा मागे वळले, पाठीवरचे ओघळ कॅमेऱ्याकडे करून. तोवर तानुबाईंनी तोंड पुसलं होतं. एवढंच. हा तुकडा ठेवला तर आबांची शोभा. काढला तर सिनेमातला सगळ्यात जिवंत माणूस पापडाच्या डब्यात. पितांबरने तो तीन वेळा काढला आणि अखेर जिथे होता तिथे चिकटवला, सिनेमाच्या शेवटी.

पारोळा गेलं. डबा मांडीला चिकटला होता. पितांबर स्वतःशी बचावाची भाषणं जुळवत होता, आबांसाठी एक आणि अभयकुमारसाठी एक, आणि दोन्ही भाषणं "कला म्हणजे" अशी सुरू होऊन तिथेच बंद पडत होती.

सिनेमा एका शाळेच्या सभागृहात होता, भर दुपारी, खिडक्यांना घोंगड्या लावून. आत उकाडा, घोंगड्यांचा मेंढरी वास, आणि साक्री-शिरपूरकडून प्रदर्शनाला आलेले शेतकरी बायकापोरांसह. पहिल्या रांगेत शेतीखात्याचे एक अधिकारी, अभयकुमार, आणि झुलाल आबा. आबांनी तोच कोट घातला होता. पुढून स्वच्छ. पाठीवर, डाव्या खांद्यापासून खाली, काळपट तपकिरी ओघळ, नकाशातल्या तापीसारखे. आणि आबांना ते माहीत नाहीत, हे पितांबरला त्यांच्या ताठ बसण्यावरून कळलं. तानुबाईंनी कोट त्या दिवशी खुंटीला लावला असणार आणि काही बोलल्या नसणार. त्या बायकांत बसल्या होत्या. पितांबरच्या हातात वाचायचं निवेदन होतं, कारण फिल्म मुकी. दिवे गेले. "खानदेशच्या काळ्या कसदार मातीत," एवढं त्याने वाचलं, तोच भिंतीवर गड्याने घड आपटून खांदा चोळला, आणि मागून कोणीतरी अगदी सहज म्हणालं, "आते घर जाई हाऊ." हा आता घरी जाणार, ह्यावर सभागृह हसलं. पितांबर थांबला तो थांबलाच. एकामागून एक माणसं श्वास सोडत होती, टोप्या काढून डोकी खाजवत होती, एकमेकांना चिडवत होती, आणि अंधारात बसलेली माणसं त्यांच्याशी बोलू लागली होती. पाणी पे रे. दखा, कशी बोली राह्यनी ती. एक म्हातारी तर भागाबाईच्या भुवयांना उत्तर देऊन मोकळी झाली. बठ्ठा आपलाच मानसे शेतस, सगळी आपलीच माणसं, असं कोणीतरी ठरवून टाकलं. गुडघा आला तेव्हा पहिल्या रांगेत अभयकुमारने आपल्या गुडघ्यावर हात ठेवला आणि बराच वेळ काढला नाही. अधिकाऱ्यांनी पितांबरकडे वळून हळूच विचारलं, ह्यात एकरी उत्पादन कुठे आलं? पितांबर म्हणाला, पुढे येईल. त्याला स्वतःचंच आश्चर्य वाटलं, इतक्या शांतपणे तो हे खोटं बोलला. अंगातून काहीतरी निघून गेलं होतं. जी माणसं त्याने कधी काढली नाहीत ती भिंतीवर चालत होती, त्याला विचारत नव्हती, आणि तो कडेला भिंतीला टेकून गिऱ्हाइकासारखा बघत होता.

मग तानुबाई हसल्या. भिंतभर. सभागृह आधी गप्प झालं, कारण एवढं मोठं हसणं कोणी पाहिलेलं नव्हतं, मग बायकांच्या बाजूने कोणाला तरी हसू फुटलं, आणि ते पसरत पुढे आलं. आबा भिंतीवर मागे वळले, पाठ दिसली, ओघळ दिसले. आणि प्रोजेक्टरच्या उजेडात पहिल्या रांगेत तेच ओघळ त्याच पाठीवर बसलेले सगळ्यांनी पाहिले. त्यानंतर लोक जे हसले ते शाळेच्या कौलांनी ऐकलं. पितांबरने पाहिलं, आबांचा हात हळूहळू मागे गेला, खांद्यावरून पाठीवर चाचपत. फिल्म संपून चाकावर फटफट करत होती. घोंगड्या निघाल्या, ऊन एकदम आत पडलं, लोक डोळे चोळत उठले. कापूस गेला, पितांबरच्या मनात आलं. भुईमूग गेला. चमत्कारिक म्हणजे त्याला वाईट वाटत नव्हतं. खुर्चीत बसवू सगळ्यांना, पण आता त्यांचे गुडघे आपल्याला माहीत असतील.

आबा गर्दी बाजूला करत त्याच्याकडे आले. उंच माणूस. तानुबाई दाराशी उभ्या, पदर तोंडाशी धरून, आणि त्या पदराच्या मागे काय चाललंय ते कळायला मार्ग नव्हता. पितांबर म्हणाला, कला म्हणजे. आबांनी हाताने त्याला गप्प केलं. कोटाबद्दल ते काही बोलले नाहीत. त्यांनी एकदा दाराकडे पाहिलं, मग पितांबरला दंडाला धरून भिंतीशी नेलं, आणि एवढ्या मोठ्या बागेचा मालक खालच्या आवाजात बोलू लागला.

"इतके वर्सं झाले लगीन होऊन. ही अशी हासते हे मले माहीतच नव्हतं."

आबांनी कोट सारखा केला. कापसाचं बघू म्हणाले, संघापुढे ठेवू, त्यात काही अडचण नाही. काम चांगलं झालं. मग पुन्हा दाराकडे पाहिलं, आणखी जवळ सरकले.

"फक्त एक करा, पितांबरभाऊ. पुढच्या बारीले दाखवसान तं मले जरा लवकर वळवता येईन का?"